टिपाडावरचा पेला

१

आण्याच्या पठारावर पाणबुडीपायी माणूस मेला, असं कुणी सांगितलं असतं तर निरगुडसरच्या बायांनी सांगणाऱ्याला आधी सावलीत बसवून कांदा हुंगवला असता. पठारावर होळीलाच विहिरींचे तळ दिसायला लागतात. तिथं पाणबुडीचं काय काम? पण माणूस मेला होता खरा. दादाभाऊ त्याचं नाव. अमजदच्या वर्कशॉपात पाणबुडीला बसवायचा गनमेटलचा, म्हणजे तांब्याकथलाच्या मिश्रधातूचा, व्हॉल्व्ह तपासताना फुटला आणि त्याचा तुकडा दादाभाऊच्या छातीत शिरला.

निवृत्त होऊन निरगुडसरला परतलेल्या उज्ज्वला टाव्हरेला हे कळलं दुसऱ्या दिवशी सकाळी, रुक्सानाच्या फोनवरून. रुक्साना अमजदची थोरली बहीण. नवरा गेल्यावर जुन्नरहून भावाकडे आण्याला आली आणि त्याचं वर्कशॉप, त्याचा स्वयंपाक आणि त्याचा राग असं तिन्ही सांभाळत राहिली. एरवी ती फोनवर आधी तब्येत, मग ऊस, मग गुडघे विचारायची. आज तिनं थेट मुद्द्याला हात घातला. पोलीस संध्याकाळी तालिबला न्यायला येणार. तालिब म्हणजे तिचा एकुलता एक.

“ताई, तुमी येऊन तो व्हॉल्व्ह बघा. तुमाला कळंल. माझ्या पोरानं काय केलं न्हाई.”

उज्ज्वलाला कळण्यासारखं होतं, कारण तिची सगळी नोकरी त्यातच गेली होती. मुंबईच्या गोदीत ती पाणबुड्यांच्या सुट्या भागांची तपासनीस होती. लोकांना वाटतं, पाणबुडी बांधली की झालं. पाणबुडी बांधतात एकदा आणि दुरुस्त करतात जन्मभर. काही वर्षं समुद्रात काढली की तिला गोदीत आणून माशासारखी चिरायची, आतले पंप, पाइप, बॅटऱ्या, व्हॉल्व्ह उपसून काढायचे, झिजलेलं टाकायचं, नवं बसवायचं आणि पुन्हा शिवायची. एखादा भाग वेळेवर आला नाही की बोट पोट उघडं टाकून महिनोन्‌महिने पडून राहते, आणि तिकडं समुद्रात तिच्या वाट्याची पाळी दुसरी म्हातारी बोट करते. हे भाग काही सगळे मोठ्या कारखान्यांत होत नाहीत. कोण कुठल्या आडगावात ओततं, कोण कुठं घासतं. अमजदचा बाप जुन्नरच्या पेठेत तांब्यापितळेची भांडी ओतायचा. त्याच्या पोराला पहिल्यांदा व्हॉल्व्ह ओतायला मिळाला तो उज्ज्वलाच्या शब्दावर. तेव्हा बोलावणं आलं म्हटल्यावर जाणं भागच होतं.

ती पोचली तेव्हा ऊन टाळूवर आलं होतं. वर्कशॉपच्या दारात दादाभाऊची आई बसली होती, लंकाबाई. काल पोराला अग्नी दिलेली बाई. सुतकात घराबाहेर कशी, असं उज्ज्वलाच्या जिभेवर आलं, पण बाईच्या शेजारी हंडा होता. सुतक पडलं म्हणून तहान थांबते थोडीच.

लंकाबाई उठली, आत गेली. तपासणीच्या बाकाशेजारी निळं टिपाड होतं. त्यावरचं फडकं तिनं सारलं, कडेला तारेनं अडकवलेला पेला काढून बुडवला आणि पुढं केला.

“सुतकाच्या हाताचं हाय. चालंल का?”

“तहानेला कसलं सुतक, मावशी.”

पाणी गार होतं, गोड होतं. उज्ज्वलानं तळाचा थेंबही ठेवला नाही. पठारावर पेल्यात पाणी टाकणं म्हणजे ताटात अन्न टाकण्याहून वाईट, एवढं तिला माहीत होतं.

“तुम्हीच का त्या पाणबुडीवाल्या बाई?” मागून आवाज आला. फौजदार अक्षदा. वय कोवळं, वर्दी करकरीत आणि चेहऱ्यावर रात्रीची झोप राहिलेली. व्हॉल्व्हमधलं आपल्याला ओ की ठो कळत नाही, हे तिनं सरळ सांगून टाकलं. मग तिनं बोटांवर मोजून दाखवलं. “झाकणाचे बोल्ट तालिबनं आवळले होते. आदल्या दिवशी त्यानंच दादाभाऊची गचांडी धरली होती, साऱ्या वस्तीनं बघितलंय. आणि कशावरून, ते विचारलं तर तोंडाला कुलूप. संध्याकाळपर्यंत तुम्ही वेगळं काही दाखवलं तर दाखवा. नाहीतर मी त्याला नेते.”

२

व्हॉल्व्ह म्हणजे घरच्या नळाची चकती नव्हे. पाणबुडीच्या पोटाला समुद्राकडं तोंड असलेली भोकं असतात. इंजिन गार ठेवायला त्यातून समुद्राचं पाणी आत घ्यावं लागतं. बोट जितकी खोल, तितका समुद्र त्या भोकाला जोर लावतो. तो जोर अडवून धरणारं धूड म्हणजे हा व्हॉल्व्ह, आडवा ठेवला तर लहान वासराएवढा. तो फुटला तर खालच्या माणसांना ओरडायलाही सवड मिळत नाही. म्हणून गोदीत पाठवण्याआधी दोन्ही तोंडांना झाकणं आवळायची, आत काठोकाठ पाणी भरायचं आणि पंपानं समुद्राहून जास्त जोर लावायचा. अंगावर घामाचा टिपूस जरी दिसला तरी व्हॉल्व्ह भट्टीत परत.

फुटलेले तुकडे गोणपाटावर मांडले होते. उज्ज्वला मांडी घालून बसली. आधी तिनं झाकण शोधलं. झाकण होतं, आणि त्याच्या कडेला व्हॉल्व्हच्या ओठाचा तुकडा अजून बोल्टांनी घट्ट धरलेला होता. तिनं पाना मागवला आणि तो अक्षदाच्या हातात दिला.

“सोडवून बघा बरं.”

अक्षदानं जोर लावला. तिची बांगडी मनगटात रुतली, पण बोल्ट हलला नाही. एकेक करून सगळे बघून झाले. कुणीच हलेना.

“तालिबनं आपलं काम चोख केलंय,” उज्ज्वला म्हणाली. “झाकण जागेवर आहे. फुटलंय ते अंग.”

मग तिनं तुटलेली कड उन्हात धरली. चांगली गनमेटल तुटली की आतून सोनेरी दिसते. इथं मधोमध काळपट जाळी होती, शिळ्या पावाच्या पोटात दिसते तशी. ओततानाच आत हवा अडकलेली, वरून घासूनपुसून लखलखीत. अशीच खोट पकडायला तर ती तपासणी असते.

अक्षदानं मोठा श्वास सोडला. म्हणजे अपघात, ती म्हणाली, आणि तिच्या खांद्यावरचं ओझं उतरलेलं दिसलं. दारात उभ्या रुक्सानानं ओढणीत तोंड लपवलं. सगळं तिथंच संपलं असतं, पण उज्ज्वलाला वर बघायची खोड होती. तिनं वर बघितलं. छपराच्या पत्र्याला भोक पडलं होतं आणि त्यातून उन्हाची तिरीप सरळ बाकावर येत होती.

“अपघात म्हणून लिहू नका अजून,” ती हळू म्हणाली. “पाण्यानं फुटलेला व्हॉल्व्ह पत्रा फोडून जात नसतो.”

३

नजर एकदा टोचायला लागली की सगळीकडं टोचते. बाकाच्या पायाशी धुळीत एक गोल ठसा होता. ताटाएवढा, आतली फरशी स्वच्छ. काहीतरी जड, बुडाशी गोल, तिथं उभं होतं आणि आता नव्हतं. भिंतीला साखळी होती, कशाला तरी कवळ्यात धरणारी. तीही सुटून लोंबत होती. आणि बाकावर एक जर्मनची वाटी, तळाला वाळलेला साबण, तीत दाढीचा ब्रश.

“दादाभाऊ दाढी इथं करायचा काय?” तिनं विचारलं.

अक्षदानं मोबाइलवर त्याचा फोटो दाखवला. हसरा, दांडगा गडी. दाढी छातीवर रुळणारी.

उज्ज्वलानं एकेकाला गाठलं. तालिब भट्टीमागं उकिडवा बसला होता. बोल्टांचं सांगितलं तरी त्याच्या चेहऱ्यावर सुटका दिसली नाही. भांडणाचं विचारल्यावर त्यानं मामूंना विचारा म्हणून मान फिरवली. सुटायची संधी समोर असताना जो गप्प बसतो, तो स्वतःला वाचवत नसतो. उज्ज्वलानं एवढं मनाशी गाठीला बांधलं.

अमजद साच्याच्या वाळूत बोटं घालून बसला होता. तिला बघताच त्याला भडभडून आलं. आपा म्हणत म्हणत त्यानं बापाच्या आठवणी काढल्या, या वस्तीनं जागा दिली म्हणून इथं उभा आहे म्हणाला, लंकाबाईच्या हातची भाकरी खाऊन भट्टी बांधली म्हणाला. दादाभाऊसारखा टेस्टिंगचा माणूस पुन्हा व्हायचा नाही, हेही म्हणाला. तपासणी पाण्यानंच केली ना, असं तिनं विचारलं तेव्हा तो पटकन हो म्हणाला. पण म्हणताना तिच्याकडं बघितलं नाही. टिपाडाकडं बघितलं.

शेवटी लंकाबाई. तिला उज्ज्वलानं भांडणाचं विचारलंच नाही. पोराच्या अंगावरचे कपडे कुठं आहेत, एवढंच विचारलं. पोलिसांनी नेले, म्हातारी म्हणाली. मग स्वतःशीच बोलल्यासारखी बोलत राहिली. वस्तीवर कुणी आरडलं तशी ती पळत आली होती, सगळ्यांच्या आधी. पोराचं डोकं मांडीवर घेतलं. छातीजवळ रक्त होतं. बाकी सदरा उन्हात वाळवून आताच घातल्यासारखा. दाढीत सुदिक धूळ होती, ती तिनं पदरानं झटकली होती.

“झटकली?” उज्ज्वलानं विचारलं. “पुसली नाही?”

“वली न्हवती ना. कोरडी व्हती. झटकली की पडली.”

मघाच्या पाण्याची गोड चव उज्ज्वलाच्या जिभेवर परत आली. तिनं वळून टिपाडाकडं बघितलं.

४

दुपार कलताना पांढरी गाडी आली. इंजिन चालूच ठेवून सुदर्शन उतरला, कारण गाडी गार राहायला हवी. अमजदसारख्यांकडून भाग घेऊन गोदीला पोचवणारी एक मधली कंपनी होती. सुदर्शन तिचा तपासणी अधिकारी. त्याच्यासमोर पाण्याची परीक्षा झाली की तो व्हॉल्व्हवर ठोकून शिक्का उठवायचा, आणि तो शिक्का बघूनच गोदी भाग बोटीला लावायची.

उज्ज्वला कोण हे कळल्यावर तो एकदम अदबीनं वागायला लागला. मॅडम, तुमचं नाव अजून घेतात तिकडं, वगैरे. मग त्यानं आवाज खाली आणला. गेलेल्या माणसाबद्दल बोलू नये, पण दादाभाऊ निष्काळजी होता. सकाळी सकाळी घेतलेली असायची. पंप जास्त मारला असणार. त्यात या लोकांना शिस्त म्हणून नाही. उज्ज्वलानं सगळं ऐकून घेतलं. लंकाबाई हाकेच्या अंतरावर बसून ऐकत होती, त्याचं त्याला काही नव्हतं. गोदीत असतानाही उज्ज्वलानं अशी माणसं पाहिली होती. ज्यांना कुणी उलटून विचारणार नाही, त्यांच्याबद्दल ही फार मोकळं बोलतात.

बोट उभी आहे का गोदीत, तिनं विचारलं. उभी कसली, अडकलीय, तो म्हणाला. याच व्हॉल्व्हांसाठी. निम्मे बसवून झालेत, निम्मे यायचेत. वरून रोज फोन. तारीख तीनदा पुढं गेली. एक बोट अडकली की मागची बोट गोदीत शिरत नाही, आणि शिव्या सगळ्या त्याला.

“बरोबर आहे,” ती म्हणाली. “या वेळचे सगळे व्हॉल्व्ह तुमच्या डोळ्यांदेखत पाण्यानं तपासले?”

“एकूण एक. मी बाकाशेजारी उभा असतो, मॅडम.”

“आणि पाणी या टिपाडातलंच?”

“त्यातलंच. पंप त्यालाच जोडलेला असतो, वापरलेलं पाणी परत त्यातच येतं.” तो आता रंगात आला. पंप गंजू नये म्हणून त्यात ऑइल घालायला त्यानंच लावलं होतं. पाणी ताकासारखं पांढरं होतं त्यानं. “विष आहे ते. मी यांना बजावून ठेवलंय, चुकून कुणी तोंड लावलं तर आतडी जातील.”

उज्ज्वलानं गंभीरपणे मान डोलावली. आल्या आल्या ती त्यातलंच पेलाभर प्यायली होती.

५

मग राहिला तो गोल ठसा. तिथं काय उभं होतं हे तिला आता कळलं होतं. नव्हतं कळत ते एवढंच, की ते गेलं कुठं. एकट्यादुकट्याला लांब नेता येईल असली ती वस्तू नव्हती.

वर्कशॉपच्या मागं लंकाबाईच्या गुरांच्या कडब्याची गंजी होती. उज्ज्वला शेतकऱ्याची लेक. तिच्या पायांना आपोआप ब्रेक लागला. गंजी रचताना पेंढ्यांचे बुडखे बाहेर ठेवतात आणि शेंडे आत, म्हणजे पाला शाबूत राहतो. हे पठारावरच्या शेंबड्या पोराला कळतं. इथं खालची सगळी गंजी तशीच होती. फक्त एका कोपऱ्याला पेंढ्या उलट्या, शेंडे बाहेर, न्हाऊन आलेल्या बाईच्या केसांसारखे मोकळे सोडलेले. ज्यानं जन्मात कडबा रचला नाही, पेठेतल्या फरशीवर जो वाढला, असल्या हाताचं काम.

तिनं पेंढी ओढली. आत लोखंडाचा उंच सिलिंडर आडवा झोपला होता. काळा, गळ्याशी घड्याळासारखा काटा, आणि मानेवर मधल्या कंपनीचं नाव पिवळ्या रंगानं रंगवलेलं.

“नका काढू ताई.”

रुक्साना मागं उभी होती. हातांच्या कातडीवर कडब्याचे ओरखडे, कालचे.

“तालिब सुटला. तुमीच म्हणाला, बोल्ट चोख व्हते. झालं की. दादाभाऊचा हात चुकला म्हणायचं. त्यो काय आता परत येतोय व्हय?”

“आणि त्याची आई?”

“तिला मी मरंपर्यंत संभाळीन. पण ह्ये भाइर आलं तर अमजद जाईल.” तिचा आवाज फाटला. “मी तुमाला पोराला वाचवायला बोलावलं. भावाला बुडवायला न्हाई.”

उज्ज्वलाला तिचं पटत होतं, हीच पंचाईत होती. पण तिच्या डोळ्यांपुढं गोदीतली ती चिरलेली बोट आली. तिच्या पोटात असेच शिक्के मारलेले व्हॉल्व्ह बसवून झाले होते. उद्या ती शिवली जाईल, खाली जाईल. आतली पोरं काटा बघत खोली मोजतील आणि शिक्क्यावर विश्वास ठेवतील. शिक्क्याशिवाय तिथं दुसरा देव नसतो.

तिनं अक्षदाला हाक मारली.

६

तिन्हीसांजेच्या आधी सगळे बाकापाशी जमले. अमजद, रुक्साना, तालिब, सुदर्शन. दारात वस्तीच्या बाया, काखेत रिकामे हंडे. त्यांच्या पुढं लंकाबाई.

उज्ज्वला टिपाडाजवळ गेली, फडकं सारलं, पेला बुडवला आणि सुदर्शनपुढं धरला.

“घ्या. तुमचं विष.”

त्यानं पेल्यात बघितलं. पाण्यातून पेल्याचा तळ स्वच्छ दिसत होता. तो पुढं होईना, तेव्हा उज्ज्वलानं तो पेला स्वतःच घटाघटा पिऊन टाकला. मग दुसरा बुडवला आणि अक्षदाला नीट दिसावा म्हणून उंचावरून फरशीवर ओतला. पाणी धुळीत काळं होत पसरलं. कुठं पांढरा कण नाही, कुठं तेलाचा तवंग नाही. दारातल्या बायांतून एक दबका हुंकार आला. उज्ज्वलाला वाटलं, तो सुदर्शनसाठी.

“जे पाणी ताकासारखं हवं ते निवळशंख आहे,” ती म्हणाली. “टिपाडाला प्यायचा पेला टांगलेला आहे. तपासणीच्या पाण्याला कुणी पेला टांगत नाही. म्हणजे उन्हाळा लागल्यापासून वस्ती या टिपाडातलं पाणी पितेय, आणि हे साहेब एकदाही बाकापाशी आलेले नाहीत. गाडीत बसूनच शिक्के उठवलेत.”

मग तिनं बाकीचं उलगडलं. वर्कशॉपला टँकर यायचा तो तपासणीसाठी. वस्तीचा टँकर मात्र आठवडा आठवडा फिरकायचा नाही. अशा वेळी चांगल्या पाण्यात तेल ओतून त्याचं ताक करायला इथल्या कुणाचा हात धजला नाही. तेल घातलं की ते पाणी जनावरही पीत नाही. तेव्हा पाणी बायांना दिलं, आणि व्हॉल्व्हमध्ये भरायला सिलिंडरमधली हवा आली. कुठून हवा सुटते ते बघायला ब्रशनं साबणाचा फेस लावायचा. घरच्या गॅसच्या नळीला लावतात तसा. सोपं, स्वस्त, आणि पाण्याचा थेंब नको.

“मग बिघडलं काय?” अक्षदानं विचारलं.

“ट्रॅक्टरच्या टायरात पाणी भरतात, माहीत आहे ना? ते टायर फाटलं तर पाणी ओघळतं. हवेचं टायर फुटलं तर माणूस मरतो. पाणी दाबलं जात नाही, हवा दाबली जाते. दाबलेली हवा सुटली की बॉम्ब. व्हॉल्व्हमध्ये खोट होती. पाण्यानं तपासला असता तर फट पडली असती, दादाभाऊचा सदरा भिजला असता आणि त्यानं अमजदला दोन शिव्या हासडल्या असत्या. पण त्याचा सदरा कोरडा होता.”

सुदर्शन आता मोठ्यानं बोलायला लागला. सिलिंडर कुणी आणला याला पुरावा काय, नाव काय कुणीही रंगवील. तेव्हा तालिब पुढं आला.

“ह्यांनीच आणला. तुमचं पाण्याचं रडगाणं पुरं झालं म्हणाले, बोट थांबलीय. मी म्हणलं साहेब, ह्यात धोका न्हाई ना? तर म्हणाले, सायकलच्या ट्यूबमध्ये असतो का धोका?” त्यानं बाकाकडं बोट केलं. “मला भ्या वाटायचं. त्या दिशी मी दादाला बाकावरनं वढला, गचांडी धरून. दादा हसला. म्हणाला, साहेब एवढं शिकल्यालं हायेत, त्यांना कळत नसंल व्हय?”

सुदर्शनला कळत होतं, हे त्याच्या चेहऱ्यावर लिहिलं होतं. न कळणाऱ्या माणसाला वेगळा धक्का बसतो.

तेवढ्यात लंकाबाई पुढं आली. तिनं उज्ज्वलाच्या दंडाला हात लावला.

“म्या पानी नेलं, म्हणून व्हय?”

या प्रश्नाची भीती उज्ज्वलाला दुपारपासून होती.

“नाही मावशी. हवा भरायला ज्यानं शिकवलं, त्याच्यामुळं.”

हे खरं होतं. सगळं खरं नव्हतं. लंकाबाईनं हात काढून घेतला.

७

उज्ज्वलानं गोदीत फोन लावला. तिकडच्या तिच्या जुन्या साहेबानं सगळं ऐकून घेतलं. बसवलेले सगळे व्हॉल्व्ह उतरवावे लागतील, तो म्हणाला. बोट पुन्हा लांबली. मग त्यानं आभार मानले, ते एखाद्याच्या मयताला आल्याबद्दल मानतात तसे.

तालिबला नेलं नाही. ज्याच्यासाठी ती आली होती तेवढं तरी पदरात पडलं. अमजदला जीपमध्ये बसवलं, कारण वर्कशॉप त्याचं, माणूस त्याचा, व्हॉल्व्हही त्याचाच. सुदर्शनला चौकशीला यायला सांगितलं. तो म्हणाला येतो, आणि स्वतःच्या गार गाडीतून जीपच्या मागं निघाला. फाट्यापाशी जीप ठाण्याकडं वळली, गाडी पुण्याकडं. आपण याला सोडणार नाही, असं अक्षदा निघण्यापूर्वी उज्ज्वलाला म्हणाली होती. पोरगी मनापासून म्हणाली होती. उज्ज्वलानं तिच्या पाठीवर हात ठेवला. दुसरं काय करणार.

रुक्साना जीप दिसेनाशी होईपर्यंत उभी राहिली. मग उज्ज्वलाच्या शेजारून गेली, जशी माणसं खांबाच्या शेजारून जातात. तालिबनं मात्र थांबून हात जोडले. त्या जोडलेल्या हातांकडं बघवेना.

वर्कशॉपला सील लागलं. बाक, तुकडे, सिलिंडर, साबणाची वाटी, सगळं पुरावा म्हणून आत. टिपाडही आत, गळ्यापर्यंत भरलेलं.

आणि मग, अंधारायच्या आत, टँकर आला. ड्रायव्हरनं सील बघितलं, खाली उतरला, डोकं खाजवलं. टँकर वर्कशॉपच्या नावावर होता. सही कोण करणार? मालक कुठंय? बायांनी सांगितलं. मग कसं काय उतरवू बाई, तो म्हणाला, माझी नोकरी जाईल. वाईट त्यालाही वाटत होतं. त्यानं टँकर माघारी वळवला. उतारावर आतलं पाणी या कडेचं त्या कडेला आदळल्याचा आवाज बराच वेळ येत राहिला.

बाया रिकाम्या हंड्यांनिशी वस्तीकडं निघाल्या. कुणी उज्ज्वलाला बोललं नाही, कुणी वाईटही बोललं नाही. लंकाबाई सगळ्यात मागं होती. सील लावलेल्या दारापाशी ती थांबली. दाराच्या फटीतून आतली फरशी दिसत होती. तिच्यावर मघाच्या पाण्याचा डाग आता जवळजवळ वाळला होता.

“बाई,” ती म्हणाली, “तुमी बोलल्या ते समदं खरं आसंल. पर त्यो एक पेला भुईला वतायला नको व्हता.”

तिनं हंडा काखेत घेतला आणि चालायला लागली.